मूळ प्रत आणि संस्कर्त्याचा हात

अभिजात रॉक संगीताच्या ध्वनिमुद्रिका उच्च दर्जाच्या डिजिटल आवृत्त्यांतून पुन्हा प्रसिद्ध होतात, तेव्हा श्रोत्याला ‘मूळ ध्वनी’च्या निकट नेल्याचा दावा केला जातो. या दाव्यात माहितीची विपुलता आणि कलाकृतीचे प्रामाण्य या दोन भिन्न गोष्टींची गल्लत होते. सीडीवर ध्वनीचे सेकंदाला ४४,१०० नमुने १६ बिटांत नोंदलेले असतात आणि मानवी श्रवणाची सुमारे २०,००० कंपनांची मर्यादा त्यात सामावते. नव्या आवृत्त्या २४ बिटांच्या आणि ९६,००० किंवा १,९२,००० नमुन्यांच्या असतात. तरीही त्यांत जाणवणारा फरक बहुधा या आकड्यांचा नसतो. तो संस्कर्त्याने घेतलेल्या निर्णयांचा असतो.

बीटल्सची ‘सार्जंट पेपर’ (१९६७) ही मुद्रिका या दृष्टीने उद्बोधक आहे. ती चार पट्ट्यांच्या फितींवर मुद्रित झाली. नव्या आवाजांना जागा करण्यासाठी आधीचे आवाज एकत्र करून दुसऱ्या फितीवर उतरवले जात आणि अशा प्रत्येक प्रतीत थोडी स्पष्टता हरवे. वादकांनी लक्ष घातले ते मोनो मिश्रणात. स्टिरिओ मिश्रण त्यामानाने घाईने झाले. ‘शीज लीव्हिंग होम’ हे गीत मोनोत अधिक द्रुत आणि चढ्या स्वरात आहे. २०१७ साली जाइल्स मार्टिन यांनी प्रतींपूर्वीच्या फितींकडे जाऊन नवे स्टिरिओ मिश्रण केले आणि या गीताला मोनोची गती दिली. आता यांतील मूळ कोणते? २०१७ची स्पष्टता १९६७च्या कोणत्याही श्रोत्याने ऐकलेली नव्हती.

कर्त्याची संमती हा निकष पुरेसा ठरेल काय? स्टूजेसच्या ‘रॉ पॉवर’चे (१९७३) मिश्रण मुख्यतः डेव्हिड बोवी यांचे होते. १९९७ साली इगी पॉप यांनी ते स्वतः नव्याने, अतिशय चढ्या आवाजात केले. २०१० साली बोवींचे मिश्रण पुन्हा उपलब्ध झाले. चोवीस वर्षांनंतरचा कर्ता हा आपल्याच कृतीचा एक नवा अर्थनिर्णायक असतो. मधल्या काळात त्या कृतीभोवती घडलेली श्रवणाची परंपरा एकट्या त्याच्या मालकीची राहत नाही.

पाठचिकित्सक एक पाठ स्वीकारतो, पण इतर पाठभेद तळटीपेत जपतो. आपला निर्णय तपासण्याची सोय तो वाचकासाठी ठेवतो. पुनर्मिश्रणाकडूनही हीच अपेक्षा रास्त आहे. नवे मिश्रण हे एक वैध अर्थनिर्णयन आहे. मात्र त्याच नावाने आणि त्याच वेष्टनातून ते जुन्या पाठाची जागा मुकाट्याने घेते, तेव्हा श्रोत्याची फसवणूक होते. आपण ऐकतो ते कोणाच्या निर्णयाचे फळ आहे, हे जाणण्याचा आणि जुना पाठ ऐकू शकण्याचा त्याचा हक्क ध्वनीच्या निर्मळतेहून महत्त्वाचा मानला पाहिजे.