खेळ, अभ्यास आणि पणाला लागणारी गोष्ट

खेळ कशासाठी, हा प्रश्न वेदान्ताने थेट सृष्टीच्या संदर्भात विचारला. ब्रह्माला काहीच उणे नाही, तर त्याने जग का निर्माण करावे? हेतू मानला तर ब्रह्म अपुरे ठरते. हेतू नाकारला तर निर्मिती वेडाचारासारखी दिसते. ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायातील पहिल्या पादात याचे उत्तर लीला असे दिले आहे. शंकराचार्यांनी भाष्यात त्यासाठी दोन दाखले घेतले: सर्व इच्छा पुरलेल्या राजाची क्रीडा आणि आपसूक चालणारा श्वासोच्छ्वास.

माणसाच्या खेळाला हे उत्तर पुरत नाही. खेळणाऱ्या माणसाला काही तरी साधायचे असते आणि ते साधण्याची सोपी वाट त्याने स्वतःच बंद केलेली असते. लंगडीत दोन पाय धड असताना एकाच पायावर पाठलाग करायचा असतो. बर्नार्ड सूट्स या तत्त्वज्ञाने 1978 च्या ‘द ग्रासहॉपर’ या पुस्तकात खेळाचे हेच लक्षण सांगितले: अनावश्यक अडथळे राजीखुशीने पत्करून ते ओलांडण्याचा प्रयत्न. म्हणजे लीलेतील मोकळेपण आणि अभ्यासातील कष्ट एकाच कृतीत नांदतात. व्हिडिओ गेममध्ये ही जोडी फार स्पष्ट दिसते.

1985 च्या ‘सुपर मारिओ ब्रदर्स’मध्ये उडी चुकली की मारिओ खड्ड्यात पडतो आणि काही क्षणांत पुन्हा मागे उभा राहतो. खड्डा तिथेच असतो, शत्रूही तिथेच. बदललेला असतो तो फक्त खेळणारा. 1984 साली मॉस्कोत अलेक्सेई पाजित्नोव यांनी तयार केलेल्या ‘टेट्रिस’मध्ये तर शेवटचा विजय मुळी ठेवलेलाच नाही. ठोकळे येत राहतात आणि कधी तरी हरावेच लागते. त्याच्या निन्टेन्डो आवृत्तीत एकोणतिसावी पातळी ही माणसाच्या बोटांची मर्यादा आहे, असे वर्षानुवर्षे मानले जात होते. खेळाडूंनी बटण दाबण्याच्या नव्या पद्धती शोधल्या, एकमेकांना शिकवल्या, आणि डिसेंबर 2023 मध्ये 13 वर्षांचा एक अमेरिकी मुलगा 157 व्या पातळीपर्यंत पोहोचला. तिथे हार मानली ती यंत्राने, प्रोग्रामच गोठला.

ही चिकाटी येते कुठून? गीतेच्या सहाव्या अध्यायात अर्जुन मनाच्या चंचलपणाची तक्रार करतो तेव्हा कृष्ण दोन साधने एकत्र सांगतो, अभ्यास आणि वैराग्य. पतंजलीच्या योगसूत्रांतही हीच जोडी आहे. मुलांना उपदेश करताना मात्र आपण अभ्यास तेवढा उचलतो आणि वैराग्य संन्याशांसाठी राखून ठेवतो. ते चुकीचे आहे. अपयश अंगाला चिकटत असेल तर अभ्यास फार काळ टिकत नाही. पडल्यावर लाज वाटत नाही, कोणी हिशेब मागत नाही, म्हणूनच मूल तीच उडी पुन्हा पुन्हा मारते. खेळाने दिलेले हे वैराग्य छोटे आणि तात्पुरते असते, रागाने ते मोडतेही, तरी त्याच्याशिवाय चिकाटीचा उलगडा होत नाही.

सोंगट्या-फाशांच्या मोक्षपटाशी तुलना केली की हा मुद्दा अधिक उघड होतो. परंपरेने ज्ञानेश्वरांशी जोडलेल्या या पटावर शिड्या सद्‌गुणांच्या आणि साप दुर्गुणांचे असतात. नीती तिथे घराघरांत लिहिलेली असते, पण सोंगटी हलते ती फाशाच्या दानावर. खेळणाऱ्याच्या हातात काही नसल्याने चूकही त्याची नसते, सुधारणाही नसते. व्हिडिओ गेम बहुधा नीती सांगत नाही. तुझी चूक तुझीच आहे, एवढे मात्र तो लगेच आणि निःपक्षपातीपणे दाखवतो.

चिकाटीनंतर प्रश्न येतो सर्जनशीलतेचा, आणि त्याचा विचार करायला हुबळीचे देशपांडे नगर ही योग्य जागा आहे. ख्यालगायिका गंगुबाई हनगल (1913–2009) यांचे घर इथेच, आणि त्यांच्या गुरूंच्या नावाचे सवाई गंधर्व कलामंदिरही इथेच. मराठी रंगभूमीवर स्त्री-भूमिका गाजवलेल्या रामभाऊ कुंदगोळकरांकडे, म्हणजे सवाई गंधर्वांकडे, शिकण्यासाठी गंगुबाई हुबळीहून रेल्वेने कुंदगोळला जात. ख्यालात रागाचे स्वर ठरलेले, वर्ज्य स्वर ठरलेले, ताल ठरलेला. त्या कुंपणातच बढत करायची असते. पलटे शेकडो वेळा घोटून गळ्यात बसले की मग कुंपण अडवेनासे होते. ‘माइनक्राफ्ट’ (पूर्ण आवृत्ती 2011) हाच अनुभव वेगळ्या मार्गाने देतो. चौकोनी ठोकळ्यांखेरीज फारसे काही नाही, काय बांधायचे हेही कोणी सांगत नाही, आणि मुले त्यातून किल्ले, शहरे, चालणारी गणकयंत्रेसुद्धा उभी करतात. साधनांची चणचण कल्पनेला मारत नाही, हे दोन्हीकडे दिसते.

तरी रियाज आणि गेम एक नव्हेत. तरुणपणी घशावरील शस्त्रक्रियेनंतर गंगुबाईंचा आवाज भारी आणि खर्जाचा झाला. जुना आवाज परत मिळण्याची सोय नव्हती. त्यांनी किराणा घराण्याची गायकी त्या नव्या आवाजात नव्याने उभी केली आणि तोच आवाज त्यांची ओळख बनला. पुन्हा सुरुवातीपासून खेळण्याची मुभा नसताना टिकणारी ही चिकाटी गेम शिकवू शकत नाही. तो तिची पहिली पायरी शिकवतो, आणि तीही काही थोडी नाही.

ही पायरी निसटते ती पण लावल्यावर. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील अक्षसूक्तात घरदार हरलेला जुगारी विलाप करतो. महाभारतातील द्यूतसभा सर्वांना ठाऊक आहे. खेळाबाहेरचे काही डावावर आले की हरणे हलके राहत नाही आणि पुन्हा खेळणे हे नुकसान भरून काढण्याची धडपड होते. कर्नाटकाने 2021 साली पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळांवर बंदी घातली. फेब्रुवारी 2022 मध्ये उच्च न्यायालयाने त्या तरतुदी रद्द केल्या. पुढे ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने केलेल्या कायद्याने देशभर पैशांच्या ऑनलाइन खेळांना मनाई केली आणि ई-स्पोर्ट्स व सामाजिक खेळांना वेगळे ठेवले. कायद्याला रेघ पैशावर ओढावी लागते, ते योग्यच आहे. गीतेच्या दृष्टीने पाहिले तर रेघ आसक्तीवर पडते. रोज हजेरी लावली नाही तर बक्षीस बुडेल, अशी धास्ती घालून मुलांना खेचणारे फुकट गेम कायद्याच्या रेघेच्या अलीकडे राहतात आणि गीतेच्या रेघेच्या पलीकडे जातात. त्यांत पैसा नसला तरी खेळणाऱ्याचे लक्ष आणि त्याची झोप डावावर लागलेली असते.