नाच बसवण्याआधी



अकोल्याच्या कॉलेजात रुजू होऊन महिना झाला नाही तोच युवक महोत्सवाचं लोकनृत्य तुझ्या गळ्यात पडलं. ‘मामा, बक्षीस मिळेल असं काय बसवू?’ असं विचारतेस. बक्षिसाचं मला ठाऊक नाही, नाच बसवण्याचं थोडंफार सांगू शकतो.

लेझीम जुनी झाली, असं तू लिहितेस. जुनी नाही झाली पोरी, हलकी झाली. पत्र्याच्या खेळण्यासारख्या लेझमा मुलींच्या हाती देतात आणि वर लाउडस्पीकरवर गाणं लावतात, मग लेझमीचा आवाज ऐकतो कोण? दोरीऐवजी लोखंडी साखळी लावलेलं धनुष्य ही तिची आखाड्यातली मूळ जात. नाच मागाहून आला. आपल्या अमरावतीत अंबादासपंत आणि अनंतराव या वैद्य बंधूंनी १९१४ साली जो आखाडा काढला, त्याचंच पुढं हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ झालं. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी तिथं कबड्डी दाखवणारी मुलं याच मंडळाची. ती मंडळी कवायतीतून घडली होती. तूही पहिला आठवडा गाणं लावू नकोस, हलगीसुद्धा नको. नुसते ‘चार आवाज’, ‘एक जगह’, ‘आदि लगाव’ हे लेझमीचे प्रकार घोटून घे. दांडा खाली नेताना गुडघे न वाकवता मुलगी नुसती कंबरेतून झुकली की चकत्या एकदम वाजत नाहीत, आवाज सांडतो. पाठमोरी उभी राहून ऐक. कोण चुकतेय ते वळून न बघता कळायला लागेल.

मेळघाटचं गादली-सुसून नृत्य व्हिडिओवरून उचलायचा तुझा बेत मात्र सोड. धारणी-चिखलदऱ्याकडे जा, कोरकू बायकांच्या रांगेत उभी राहा. तोच तो पदन्यास बराच वेळ चालतो; पहिल्यांदा कंटाळा येईल. येऊ दे. तो पदन्यास मुरला की ढोल-बासरी कुठं पाय उचलायला लावते ते अंगाला समजतं. आणि एक गोष्ट हात जोडून सांगतो, पानांचे घागरे, गालावर पांढरे पट्टे आणि ‘हू हू’ असला तमाशा करू नकोस. (तमाशालाही मी उगाच नावं ठेवली, तो बिचारा फार शिस्तीचा असतो.) ते आदिवासी सिनेमातले, धारणीच्या बाजारात तसं कोणी दिसत नाही.

असं जाऊन शिकण्याचं एक उदाहरण देतो. बंगालात गुरुसदय दत्त नावाचे आयसीएस अधिकारी होते. बीरभूमला कलेक्टर असताना त्यांना रायबेंशे हा जुन्या लढवय्यांचा नाच सापडला. हा साहेब खुर्चीवरून टाळ्या वाजवत बसला नाही, गावकऱ्यांत उतरून नाचला. १९३२ मध्ये त्यांनी व्रतचारी चळवळ काढली आणि तो नाच शाळकरी पोरांपर्यंत नेला. चळवळीतली त्यांची प्रतिज्ञा-बितिज्ञा मला जरा जास्तच वाटते, पण आधी स्वतः शिकायचं आणि मग शिकवायचं, हा क्रम घेण्यासारखा आहे.

इतकं हिंडायला सवड नसेल तर भुलाबाई बसव. भाद्रपदी पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत मुलींनी टिपऱ्या वाजवत घरोघर म्हणायची गाणी. तुझ्या आजीला पाठ आहेत, अकोल्यात शेजारपाजारच्या आज्यांनाही असतील. खाऊचा डबा हलवून आत काय आहे ते ओळखायचा खेळ त्यात घाल. त्या गोंधळाला पदन्यासात बसवायला जाऊ नकोस, सगळ्या जणींना एकदम ओरडू दे.

ज्यांच्याकडून शिकशील त्यांचं नाव निवेदनात पहिलं घे, तुझं शेवटी आलं तरी चालेल. ढोलकीवाल्याचं मानधन तालमी सुरू व्हायच्या आधी ठरव आणि कॉलेजकडून लेखी घे. कार्यक्रम झाल्यावर हिशेबनीस सापडत नाही. लेझमा मी आमच्या ओळखीच्या लोहाराकडून करून पाठवतो, किती हव्यात ते कळव.

तुझा मामा,
अमरावती