अर्धी बसकण

दिवाळे कोळीवाड्याच्या धक्क्यावर मावशी फाटलेलं जाळं सांधत बसल्या होत्या. मागे सीबीडी बेलापूरच्या काचेच्या इमारती. गौरीच्या रात्रीचा बायकांचा फेर मी दोन वर्षं टिपते आहे. आज वही त्यांना वाचून दाखवली.

"बरोबर हाय सगळं. पन छापू नको."

"का, मावशी?"

"आमच्या आळीत पाऊल डावीकडं टाकतात, माझ्या नणंदेकडं उजवीकडं. तू माझं छापलंस की उद्या तिची नात पुस्तक घेऊन येईल आनि आजीला म्हनेल, तुझं चुकतंय गो."

"दोन्ही लिहीन. लिहिलंच नाही, तर मुलांसाठी कोळीनाच म्हणजे स्नेहसंमेलनातली पुठ्ठ्याची वल्ही एवढाच उरेल."

मावशी गप्प. मग मी त्यांना हवाई बेटांची गोष्ट सांगितली. तिथल्या हुला नाचाला मिशनऱ्यांनी पाप ठरवलं. १८३०मध्ये राज्यकर्त्या काआहुमानूने तो चारचौघांत नाचायला बंदी घातली. राजा कालाकाउआने १८८३मध्ये आपल्या राज्याभिषेकाच्या सोहळ्यात तो मानाने नाचवला. पुढे १९०९मध्ये हुलाच्या गाण्यांचा मोठा ग्रंथ आला, नॅथॅनियल इमर्सन यांचा. इमर्सन मिशनऱ्याचेच चिरंजीव. हुला शिकणारे आजही तो ग्रंथ उघडतात.

"बापाच्या मानसांनी पाप म्हटलं, लेकानं लिहून ठेवलं. मग गानी कोनाची झाली?"

"नाचणाऱ्यांची," मी म्हटलं. पण पुस्तकावर नाव लिहिणाऱ्याचं असतं, हे मला ठाऊक आहे. माझंही असेल. ते मला टोचतं.

मावशींनी पदर खोचला, उठल्या आणि दोन पावलं टाकून दाखवली.

"बघ. माझा गुडघा वाकत नाय, म्हनून बसकन अर्धीच घेते. पोरी माझं बघून शिकल्या. त्यांचे गुडघे धड हायेत, तरी त्याबी अर्धीच घेतात. तुझ्या वहीत काय हाय?"

वहीत होतं, 'गुडघे किंचित वाकवून'. ही परंपरा आहे असं समजून मी त्याखाली रेघही मारली होती.

"खोडू?"

"कशाला? आता तसंच नाचतात. माझी सासू पार जमिनीला टेकायची."

मी तेही लिहिलं. पण मधला दुवा म्हणजे मावशींचं दुखणं. ते गाळलं तर बदलाचं कारण हरवतं. लिहिलं तर एका बाईचा गुडघा कायमचा छापला जातो.

"गुडघ्याचं लिहू का, मावशी?"

त्यांनी जाळं पुन्हा मांडीवर ओढलं. बराच वेळ सुई चालत राहिली.

"पोरींना विचार. बाजारातनं येतील आता."

मी वही मिटली आणि त्यांच्या शेजारी बसून राहिले.