कूड आणि मेढ

ज्या गोष्टीची चौकशी करणें आपणांस सहज शक्य होतें, तिच्याविषयींचें अज्ञान ही निर्दोषपणाची सबब होऊं शकते काय? नीतिशास्त्राच्या ग्रंथांत हा प्रश्न मोठमोठ्या उदाहरणांनीं मांडलेला असतो. माझ्यापुढें तो घरांतल्या एका भिंतीनें मांडला.

वसईजवळ पापडी येथें एका नव्या इमारतींत आम्ही राहावयास आलों. दिवाणखाना आणि आईची खोली यांच्यामध्यें एक आडभिंत होती. रंग तोच, गुळगुळीतपणा तोच. इतर भिंतींहून ती निराळी आहे असें डोळ्यांना सांगणारें कांहींच नव्हतें. आईच्या बाजूस तिच्यावर मीं वडिलांची सागवानी मांडणी लावली. चार भोंकें पाडलीं, त्यांत प्लास्टिकच्या गुट्ट्या बसविल्या, स्क्रू पिळले आणि वडिलांचे ग्रंथ ओळीनें रचले. दीड महिना मांडणी जागची हलली नाहीं. श्रावणांतल्या एका दुपारीं मात्र ती ग्रंथांसह कोसळली, ती नेमकी आईच्या खाटेवर, उशीच्या जागीं. आई त्या क्षणीं पाणी पिण्यास स्वयंपाकघरांत गेली होती.

माझा पहिला उद्गार निघाला तो असा: "काय ही भिकार भिंत!" आईचें बालपण कुडाच्या घरांत गेलेलें. भिंतीला पडलेल्या भगदाडांकडे पाहून ती म्हणाली, "अरे, हा तर कूड आहे. कुडावर कोणी ओझं टांगतं का? निदान ठोकून तरी पाहायचं होतंस."

कारवीच्या किंवा बांबूच्या कामट्यांवर शेणमाती लिंपली कीं कूड होतो. वारा अडवावा, परक्याची नजर अडवावी, एवढेंच त्याचें काम. घराचा भार मेढींवर आणि तुळयांवर असतो. म्हणून दह्यादुधाचें शिंकें वाशाला टांगीत, कुडाला कोणी टांगीत नसे. कूड कोणता आणि मेढ कोणती हें त्या घरांत लहान मुलासहि दिसत असे. आमच्या घरांत दोहोंवर एकच रंग फासलेला, त्यामुळें तो भेदच लोपला होता.

मागाहून सुतारानें आडभिंतीचें अंतरंग दाखविलें. आंत जस्ताचा मुलामा दिलेल्या पोलादी पट्ट्या अंतराअंतरानें उभ्या, आणि दोन्ही अंगांस जिप्समचे तक्ते. प्रत्येक तक्ता सुमारें साडेबारा मिलिमीटर जाड. कागदाच्या दोन थरांमध्यें जिप्समचा गर. हा पदार्थ आम्हां किनाऱ्यावरच्या लोकांस अगदींच परका नाहीं. मिठागरांत समुद्राचें पाणी आटूं लागलें कीं मिठाच्या आधीं जिप्समच खालीं बसतें. भिंतीलगत लोंबणारी तसबीर मुख्यतः खालीं ओढते. परंतु पुढें आलेली मांडणी तरफेसारखी वरच्या स्क्रूंना बाहेर उपसूं पाहते. साध्या गुट्टीस फुगून घट्ट बसावयास भोंवतीं दगडाविटेचें अंग लागतें. १९११ सालीं इंग्लंडांत जॉन रॉलिंग्ज यांनीं तागाच्या धाग्यांची अशी गुट्टी काढली, तीहि भरीव भिंतीसाठींच होती. पोकळ तक्त्यांत तिच्याभोंवतींच्या गराचा भुगा होतो, भोंक हळूहळू रुंदावतें, आणि पावसाळ्याची ओल त्या गरास अधिकच मऊ करते. 'भिंत टिकली' असें मीं ज्या दीड महिन्यास म्हणत होतों, तो वस्तुतः तिच्या झिजण्याचा काळ होता.

आतां अपराध कोणाचा? कुडाला भिंतीचा पोशाख चढवून विकणाऱ्यानें तें स्पष्ट सांगावयास हवें होतें, यांत शंका नाहीं. परंतु त्याच्या मौनानें माझा दोष धुवून निघत नाहीं. एक अज्ञान असें असतें कीं कितीहि यत्न केला तरी तें दूर होत नाहीं. त्याबद्दल कोणीं कोणास दोष देऊं नये. दुसरें अज्ञान बोटाच्या पेरानें दूर होतें. भिंत ठोकली असती तर तिनें आपल्या पोकळ आवाजानें सारें सांगितलें असतें. ती खोटें बोलली नाहीं; मींच तिला विचारलें नाहीं.

यावर कोणी म्हणेल कीं, जगाचा व्यवहार विश्वासावर चालतो. माणसानें पावलोपावलीं किती गोष्टी ठोकून पाहाव्या? आक्षेप रास्त आहे. दिनदर्शिका टांगावयाची तर भिंतीची जबानी घेण्याचें कारण नाहीं. परंतु जसजसें ओझें वाढतें आणि त्याखालीं कोणी निजत असतें, तसतशी विचारण्याची जबाबदारीहि वाढते. १७३९ सालीं वसई मराठ्यांच्या हातीं आली, त्यानंतर तेथील चर्चांच्या कित्येक घंटा देशावरच्या देवळांत गेल्या. त्यांपैकीं एक नाशिकास नारोशंकराच्या देवळांत अद्याप जागेवर आहे. ती टांगणाऱ्यांनीं आधीं आधार पारखला असला पाहिजे. मीं मात्र आधीं ओझें टांगलें आणि आधाराची चौकशी अपघातानंतर केली.

भिंतीशीं मीं जसा वागलों तसाच पूर्वीं एकदां माणसाशींहि वागलों होतों, हें त्या रात्रीं मला आठवलें. माझा धाकटा भाऊ अबोल आहे. वडिलांच्या शेवटच्या आजारांत रात्रीचीं जागरणें आम्हीं सर्वांनीं त्याच्यावर सोंपविलीं. तो कधीं कुरकुरला नाहीं; ज्या अर्थीं कुरकुर नाहीं त्या अर्थीं त्रास नाहीं, असा सोईस्कर सिद्धान्त आम्हीं बांधला. पुढें तो स्वतःच अंथरुणास खिळला, तेव्हां मींच त्याला रागें भरून म्हटलें होतें, "आधीं सांगायचं नाहीस का?" हें वाक्य आणि 'काय ही भिकार भिंत' हा उद्गार, यांत अंतर तें कितीसें?

यावरून पोकळ भिंत निरुपयोगी ठरत नाहीं. तिच्यासाठीं निराळे खिळे मिळतात. आंत गेल्यावर त्यांचे पंख मागें उघडतात आणि सगळी ओढ एका भोंकावर न राहतां तक्त्याच्या रुंद भागावर वांटली जाते. अशा रीतीनें तीहि मापाचें ओझें वाहते. मात्र तें माप तिचें असावें लागतें. आपल्या सोईचें असून भागत नाहीं.

सुतारानें पेरांनीं टकटक करीत पोलादी पट्ट्यांच्या जागा शोधल्या, पेन्सिलीनें खुणा केल्या आणि मांडणी त्या पट्ट्यांत आवळली. निम्मे ग्रंथ जमिनीवरच्या कपाटांत गेले आणि आईची खाट समोरच्या कोपऱ्यांत सरकली. इतकें झाल्यावर मी भावाकडे गेलों आणि त्या दिवसांत त्याला काय सोसावें लागलें, हें प्रथमच विचारलें. तो कांहीं वेळ गप्प बसला. मग बोलूं लागला, तेव्हां त्याला पुष्कळच सांगावयाचें होतें.