देवराईचा धाक

सह्याद्रीतील देवराया गावांनी राखल्या त्या मुख्यतः धाकापोटी. काळकाई किंवा वाघजाई कोपेल, म्हणून राईतली वाळलेली काटकीही घरी न्यायची नाही, असा अनेक ठिकाणी दंडक होता. वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांनी १९७० च्या दशकात या रायांचा अभ्यास केला, तेव्हा भोवतीचे डोंगर उजाड होत असताना गारंबीसारख्या महावेली तेथे टिकून होत्या.

या धाकाला अंधश्रद्धा म्हणून बाजूला सारणे सोपे आहे. परंतु त्यातून गावाने आपल्या मालकीला आपणच सीमा घातली होती. जे देवाचे, ते कुणाही एकाचे नव्हे. म्हणूनच ते पुढच्या पिढ्यांसाठी उरले.

तथापि पावित्र्य झाडांत वसते की मूर्तीत, हा प्रश्न राहतोच. कित्येक रायांत देव तांदळ्याच्या रूपात उघड्यावरच असे. पुढे त्याला पक्के देऊळ हवेसे झाले, आणि त्यासाठी काही ठिकाणी राईतलीच झाडे पडली. तोडीपूर्वी कौल लावण्याची रीत होती. पण तो लावणारे आणि त्याचा अर्थ सांगणारे माणसेच होती. देऊळ वाढले, राई आक्रसली.

धाक ओसरल्यावर ज्ञान त्याची जागा घेईल, असे आपण मानतो. ज्ञान झाडाचे मोल सांगते खरे. पण मोल ठरले की सौदाही संभवतो. पवित्र म्हणजे ज्याचे मोल विचारायचे नसते ते. असे काहीच ज्या समाजापाशी उरले नाही, त्याचा हात कोणत्या झाडाशी थांबेल?