अस्त्राचा संहार

सौप्तिकपर्वातील ब्रह्मशिर अस्त्राचे आख्यान भाषांतरासाठी पुढे घेतले म्हणजे ‘संहार’ या शब्दापाशी लेखणी थबकते. मराठीत संहार म्हणजे सर्वनाश. अस्त्रविद्येच्या परिभाषेत त्याचा अर्थ नेमका उलट आहे : सोडलेले अस्त्र परत आवरून घेणे. रघुवंशाच्या पाचव्या सर्गात अजाला जे संमोहन अस्त्र मिळते, त्याच्या प्रयोगाचा मंत्र निराळा आणि संहाराचा निराळा, असे कालिदासाने स्पष्ट सांगितले आहे. म्हणजे ही विद्या दोन अंगांची होती. ज्याला त्यांपैकी एकच अंग साधते त्याच्या हातून काय घडते, हे अश्वत्थाम्याच्या कथेत पाहावे.

त्याच्यापाशी त्या वेळी रथ नव्हता, धनुष्य नव्हते. गंगातीरी व्यासांजवळ तो अंगाला तूप लावून, कुशवस्त्र नेसून, धुळीने माखून बसला होता. भीम चालून येताना दिसताच त्याने डाव्या हाताने गवताची एक काडी उचलली, तिच्यावर अस्त्राचे आवाहन केले आणि पांडव नाहीसे होवोत अशा अर्थाचा शब्द उच्चारला. साधन म्हणाल तर एवढेच : एक काडी, एक ध्वनी आणि त्यामागचा द्वेष. हा प्राचीन अणुबाँबच होय, असे ठासून सांगणारे लोक आहेत. त्या वादात मला रस नाही. त्याने आख्यानाचा मान वाढत नाही आणि मुख्य प्रश्न मात्र बाजूला राहतो.

प्रतिकारासाठी अर्जुनानेही तेच अस्त्र सोडले. पण सोडण्यापूर्वी त्याने प्रथम आचार्यपुत्राचे कल्याण चिंतिले, मग स्वतःचे व भावांचे, आणि अस्त्राने अस्त्र शांत होवो एवढेच म्हटले. नारद व व्यास मध्ये उभे राहताच त्याने आपले अस्त्र आवरले. अश्वत्थाम्याला ते जमले नाही. ज्याने व्रत पाळले नाही, ज्याचे मन वश नाही, त्याच्याने हे अस्त्र माघारी घेववत नाही, असे ग्रंथकारच सांगतात. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात (२.५८) कासव आपले अवयव आत ओढून घेते, तेथे भगवंतांनी ‘संहरते’ हेच क्रियापद योजिले आहे. इंद्रिये आवरणे आणि अस्त्र आवरणे यांना धातू एकच आहे.

मग दोष कोणाचा? द्रोणांनी अर्जुनाला हे अस्त्र संतोषाने दिले. मुलाने हट्ट धरला तेव्हा त्यालाही दिले, पण मनापासून नव्हे. प्राणसंकटातही, विशेषतः मनुष्यांवर, हे वापरू नकोस असे बजावले; आणि तू सन्मार्गावर टिकणार नाहीस, हेही बोलून दाखविले. कित्येक म्हणतील, गुरूने ताकीद दिली, त्याचे कर्तव्य संपले. मला हे पटत नाही. प्रयोगाचा मंत्र बाप मुलाला देऊ शकतो. संहाराचे सामर्थ्य देऊ शकत नाही, ते ज्याचे त्यानेच तपाने मिळवावयाचे असते. हे जाणूनही जो पहिले अंग हाती देतो, त्याची ताकीद त्याच्या स्वतःच्या मनाचे समाधान करते. घेणाऱ्याचा हात धरीत नाही. अठराव्या अध्यायात (१८.६७) हे ज्ञान कोणाला सांगू नये हे भगवंतांनी सांगितले, तेव्हा यादीत पहिला आला तो तपोहीन. द्रोणांना पुत्राची पात्रता कळत होती, पण पुत्रस्नेह आवरता आला नाही. संहार त्यांनाही साधला नाही, असेच म्हणावे लागते.

न आवरलेले अस्त्र पडले ते पांडवस्त्रियांच्या गर्भांवर. ज्यांनी वैर केले ते वाचले. जे जन्मलेच नव्हते ते जळाले. हिरोशिमावर ६ ऑगस्ट १९४५ रोजी अणुबाँब पडला तेव्हा मातेच्या उदरात असलेल्या बालकांपैकी काही लहान मस्तकाची, बुद्धीची वाढ खुंटलेली अशी जन्मली. साधने निराळी, पण भोगणारा तोच.

आश्वमेधिकपर्वात उत्तरेचे बालक निष्प्राण जन्मते. तेथे श्रीकृष्णांनी चक्र उचलले नाही. आपण थट्टेतही असत्य बोललो नाही, युद्धात पाठ फिरविली नाही, त्या सत्याच्या बळावर हा जिवंत होवो, एवढे ते बोलले. शब्दाने मारलेले शब्दानेच उठले. कुल परिक्षीण झाले असता जन्मला म्हणून तो परीक्षित.

परंतु वारसा तेवढ्याने फिटला नाही. पुढे परीक्षिताला मृत्यू आला तोही एका कोपिष्ट ऋषिकुमाराच्या शापवाणीने, तक्षकाच्या दंशाने. त्याच्या पुत्राने, जनमेजयाने, सूड म्हणून सर्पसत्र मांडले, आणि मंत्रांच्या ध्वनीने ओढले जाऊन असंख्य सर्प अग्नीत पडू लागले. त्यांत पुष्कळांनी परीक्षिताचे नावही ऐकले नसेल. तक्षक आकाशातून खाली येत असताना आस्तिकाने त्याला ‘थांब’ म्हणून अधांतरी रोखले, आणि दिलेल्या वराला बांधलेल्या राजाने सत्र आवरले. त्याच सत्रात, कर्मांच्या मधल्या अवकाशात, वैशंपायनांनी ही कथा जनमेजयाला ऐकविली होती. काडीवर उच्चारलेला तो शब्द, आणि त्याने जळालेला आपला पिता, हे त्याने तेथे बसून ऐकले होते.