नाव ठेवणं आणि नावं ठेवणं

मराठीत एका टिंबाचा फरक आहे. बारशाच्या दिवशी आत्या बाळाच्या कानात हळूच सांगते, ते नाव ठेवणं. आणि दुपारी जेवणं आटोपल्यावर आपण चारचौघी बसून शेजारणीच्या स्वयंपाकाला, कुणाच्या सुनेच्या चालण्याबोलण्याला जे करतो, ते नावं ठेवणं. पहिल्यात माया असते, दुसऱ्यात तोरा. हा फरक मला लहानपणापासून ठाऊक होता असं मी समजत होते. तो ठाऊक नव्हता, हे मला वयाच्या साठीनंतर कळलं, तेही माझ्या स्वयंपाकघरात.

झालं असं, की नातीच्या शाळेत वेशभूषेची स्पर्धा होती. विषय, निरनिराळे लोक आणि त्यांचे पोशाख. सूनबाई म्हणाली, एस्किमो करू, कापसाचा कोट शिवायला सोपा. आम्ही शाळेत असताना भूगोलात तो धडा होताच. बर्फाचं इग्लू, कुत्र्यांची गाडी, सीलची शिकार. नात लगेच म्हणाली, "आजी, एस्किमो म्हणायचं नसतं. आमच्या मिस म्हणाल्या, इनुइट म्हणायचं." मला हसू आलं. म्हटलं, "नाव बदलून काय होतं गं? कच्चं मांस खातात ते खातातच ना!" आमच्या घरात कांदा-बटाटा वर्ज्य. जेवणावरून माणसाची पारख करायची सवय आम्हाला पाळण्यापासून. त्यामुळे हे बोलताना मला काही वावगं वाटलं नाही.

शेवटी हैदराबादच्या उकाड्यात कापसाचा कोट नको, म्हणून बंजारा पोशाख ठरला. आरशांची चोळी, कवड्यांची ओढणी, घेरदार लाल घागरा. पोर आरशासमोर गिरक्या घेत होती. मी कौतुकाने म्हणाले, "अगदी लमाणीण दिसतेस बाई! आता वाटी घे आणि फिर दारोदार."

आमच्याकडे नऊ वर्षं कामाला येणारी बाई तिथेच भांडी पुसत होती. ती देवरकोंड्याकडच्या एका तांड्यावरची. तो घागराही तिनेच तिच्या आईचा आणून दिला होता, हे मी त्या क्षणी साफ विसरले होते. तिने भांडं खाली ठेवलं आणि शांतपणे म्हणाली, "अम्मा, लंबाडी बोलो, बंजारा बोलो, कागदां में वइच है. पन भीख की बात में हमारा नाम नक्को डालो." आणि पुन्हा भांडी पुसू लागली.

त्या रात्री मला नीट झोप लागली नाही. माझ्या मनात पहिल्यांदा आला तो पश्चात्ताप नव्हे, सबबी आल्या. मी काही वाईट हेतूने बोलले नव्हते. आमच्याकडे सगळेच असं बोलतात. 'लमाण' हा शब्द 'लवण' म्हणजे मीठ यावरून आला असं सांगतात, मग त्यात वाईट काय? आणि खरंच आहे ते. बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून हे लोक साऱ्या दख्खनभर फिरले. मोगलांच्या आणि निजामाच्या फौजांना त्यांनी दाणागोटा पोचवला. रस्ते झाले, रेल्वे आली, मिठावर सरकारचा ताबा आला आणि त्यांचा धंदा बुडाला. म्हणजे शब्दाच्या मुळाशी मीठ, कष्ट आणि विश्वास. पण माझ्या तोंडून तो बाहेर पडला तेव्हा त्यात भिकेची वाटी होती. मूळ कितीही स्वच्छ असलं तरी, मैत्रिणींनो, पाणी ज्या भांड्यातून ओतावं त्याची चव त्याला लागते.

मग नातीच्या मिसचं म्हणणं मी जरा नीट समजून घेतलं. 'एस्किमो' म्हणजे 'कच्चं मांस खाणारे' असा अर्थ पुष्कळ वर्षं सांगितला गेला. शेजारच्या दुसऱ्या लोकांनी त्यांना दिलेलं ते नाव. पण भाषेच्या अभ्यासकांपैकी अनेकांना हा अर्थ मान्य नाही. बर्फावर चालण्यासाठी जाळी विणलेले जोडे करतात, ते विणणारे, असा त्याचा मूळ अर्थ असावा असं ते म्हणतात. म्हणजे मी ज्या अर्थावरून तोरा मिरवला तो अर्थच बहुधा खोटा! पण जोडे विणणारे असा अर्थ निघाला म्हणून ते नाव त्यांना गोड लागणार आहे का? 'इनुइट' या त्यांच्या शब्दाचा अर्थ साधा आहे: माणसं. 1977 साली अलास्कातल्या बॅरो गावी निरनिराळ्या देशांतले हे लोक एकत्र जमले आणि आमची ओळख याच नावाने व्हावी असं त्यांनी ठरवलं. त्यांनी आपलं बारसं आपणच केलं म्हणा ना. त्यातही गंमत अशी, की अलास्कातल्या युपिक लोकांना इनुइट म्हटलेलं चालत नाही. ते म्हणतात, आम्ही युपिक. म्हणजे चांगला शब्द पाठ करून सगळ्यांना सरसकट चिकटवला की काम झालं, असंही नाही. विचारावं लागतं.

आणखी एक गोष्ट वाचून तर माझ्या काळजात चर्र झालं. इनुइटांमध्ये बाळाला घरातल्या गेलेल्या माणसाचं नाव देतात. आजीचं नाव मिळालेल्या मुलीला तिचे वडील लाडाने आईच म्हणतात. आपल्याकडे नाही का, पणजीचं नाव नातीला ठेवलं की सासूला तिला अगं-तुगं करणं जड जातं! पण कॅनडाच्या सरकारी लोकांना ही नावं लिहिता येईनात, लक्षात राहीनात. म्हणून 1940च्या दशकात प्रत्येकाला आकडा कोरलेली एक चकती दिली गेली. गळ्यात घाला किंवा कपड्याला शिवा, आणि कागदावर तोच आकडा. तीसेक वर्षं हा प्रकार चालला. आजीचं नाव लावणाऱ्या पोरीला नंबर!

दूर कशाला जावं? आपल्या देशात 1871 साली इंग्रजांनी गुन्हेगार जमातींचा कायदा केला. एखाद्या जमातीचं नाव त्या यादीत चढलं की त्या जमातीत जन्माला आलेलं मूल चोर. दात यायच्या आधी चोर. हजेऱ्या, वसाहती, काटेरी तारा. सोलापुरात अशी वसाहत होती. तेलुगू मुलखात बापटल्याजवळ स्टुअर्टपुरम आहे, तिथे येरुकला लोकांना आणून बसवलं होतं. 1952 साली कायदा गेला आणि हे लोक विमुक्त झाले. पण नाव कुठे सुटलं? स्टुअर्टपुरम म्हटलं की तेलुगू माणसाच्या जिभेवर 'दोंगा', चोर, हाच शब्द येतो. त्यावर सिनेमेसुद्धा निघाले. कायदा रद्द करायला संसद पुरते. जिभेवरचा कायदा रद्द करायला कोण येणार?

आणि या जिभा बहुतेक आपल्या आहेत, हे कबूल करायला हवं. 'लमाणणीसारखी नटते', 'वडारणीसारखी भांडते', 'कैकाडणीसारखी ओरडते'. बघा, तिन्ही उपमा बायकांवरच्या आणि तिन्ही बायकांच्याच तोंडच्या. ज्या वडारणीने आपल्या घरांच्या पायाचे दगड वाहिले, तिचं नाव आपण भांडणासाठी राखून ठेवलं.

आपण तर जैन. निदान आपल्याला हे कळायला हवं होतं, कारण आपल्यालाही नावं ठेवली गेली आहेत. 'पाखंड' हा शब्द बघा. अशोकाच्या शिलालेखांत तो कुठल्याही धर्मपंथासाठी सरळपणे वापरला आहे. पुढे श्रमणांचा द्वेष करणाऱ्यांनी त्याला ढोंगाचा अर्थ चिकटवला. 'नंगा-लुच्चा' ही शिवी नग्न आणि केशलोच करणाऱ्या मुनींवरून आली असं आपण प्रवचनांत ऐकतो आणि हळहळतो. हातांनी केस उपटण्याचं ते तप, आणि त्याची शिवी! आपल्या मुनींचं नाव शिवीत गेलं की आपल्याला टोचतं. मग दुसऱ्याचं?

पण आपल्या ग्रंथांकडेही मी डोळे उघडून पाहायचं ठरवलं. तत्त्वार्थसूत्रात माणसांचे आर्य आणि म्लेच्छ असे दोन भेद सांगितले आहेत, आणि पूज्यपाद आचार्यांनी सर्वार्थसिद्धीत म्लेच्छांची उदाहरणं देताना शक, यवन, शबर, पुलिंद ही नावं घेतली आहेत. शबर, पुलिंद म्हणजे रानात राहणारे लोक. हे वाचून मी अडखळले. ग्रंथ चुकीचा म्हणण्याएवढी माझी पायरी नाही, आणि नजरेआड करावं असंही वाटेना. मग मला पुरुरवा भिल्ल आठवला. रानात मुनींवर बाण रोखलेला तो शिकारी. बायकोने त्याचा हात धरला, त्याने मुनींना वंदन केलं, मद्य-मांस-मधाचा त्याग केला, आणि पुढे किती तरी भवांनंतर तोच जीव महावीर झाला. ही कथा आपण सगळ्याजणी पर्युषणात ऐकतो. आपल्या तीर्थंकरांचा जीव एके काळी भिल्ल होता. आणि त्याला वाट दाखवली एका भिल्लिणीने! मग 'भिल्लासारखा' हा शब्द आपण कुठल्या तोंडाने वापरतो?

आपल्याकडे निक्षेपांची चर्चा आहे. पोराचं नाव इंद्र ठेवलं म्हणून तो स्वर्गाचा राजा होत नाही, तो नामनिक्षेप. इंद्राचे ऐश्वर्य भोगत असलेला तो भावनिक्षेप. नाव वेगळं, गुण वेगळा. 1871च्या कायद्याने नेमकी हीच गल्लत केली, नावावरून गुण ठरवला. मी स्वयंपाकघरात केली तीही हीच.

माझी एक श्वेतांबर मैत्रीण आहे. तिला हे सगळं सांगितलं तेव्हा तिने मला दशवैकालिकातला वाक्यशुद्धीचा अध्याय दाखवला. त्यात साधूंना सांगितलं आहे, की एका डोळ्याच्या माणसाला काणा म्हणू नये, आजाऱ्याला रोगी म्हणू नये, चोरालाही चोर म्हणू नये. खरं असलं तरी. आपल्याकडे अमृतचंद्राचार्यांनीही दुसऱ्याला दुखवणारं अप्रिय वचन असत्यातच मोजलं आहे. 'पण ते कच्चं मांस खातातच ना' हे माझं उत्तर इथे निकालात निघालं. जिथे गहू पिकत नाही, भाजी उगवत नाही, तिथे त्या कच्च्या मांसानेच त्यांना क जीवनसत्त्व मिळालं आणि ते जगले. मी मांस खाणार नाही, हे माझं व्रत. ते माझ्या ताटापुरतं. त्याची काठी करून दुसऱ्याच्या पाठीत घालायला ते मला कुणी दिलेलं नाही.

माझे यजमान म्हणतात, "शब्द बदलून पोट भरतं का?" हा प्रश्न मी उडवून लावत नाही. आपल्या हैदराबादेत बंजारा हिल्स आहे. ज्यांचे तांडे तिथे उतरत, त्यांचं नाव आज शहरातल्या सगळ्यात महाग जमिनीवर आहे. नाव राहिलं, माणसं धुणंभांडी करायला त्याच टेकडीवर चढतात. 2022च्या सप्टेंबरात तिथेच सेवालाल बंजारा भवन आणि कुमरम भीम आदिवासी भवन उघडली, तेवढं बरं झालं. पण नुसत्या मानाच्या नावाने तांड्यावर पाणी येत नाही, हे खरंच. आणि मान द्यायला जाऊनही चूक होते. लंबाडा लोकांना 'आदिवासी' म्हटलं तर आदिलाबादेतल्या गोंडांना ते रुचत नाही. राखीव जागांवरून 2017 साली तिथे मोठा संघर्ष पेटला होता. ते गोंडही स्वतःला कोइतूर म्हणतात, गोंड हे बाहेरच्यांनी दिलेलं नाव. सरकार तेलुगूत गिरिजन म्हणतं, कुणी वनवासी म्हणतं. डोंगर काय, वन काय, तो नुसता पत्ता झाला. 'आदिवासी' या शब्दात ते इथले पहिले, हे म्हणणं आहे. आणि पहिला म्हटलं की जमिनीचा प्रश्न येतो. 1940 साली जोडेघाटला कुमरम भीम मेला तो जमिनीसाठीच. म्हणजे शब्द नुसता शब्द नसतो. माझ्या यजमानांना मी एवढंच म्हटलं, की पोट भरत नाही हे खरं, पण ज्याला आधी भिकारी म्हटलं त्याला आपण मजुरी देतानाही भीक घातल्यासारखीच देतो.

त्या वर्षी अनंतचतुर्दशी झाली, क्षमावाणीचा दिवस आला. फोनवर शंभर जणांना एकच निरोप गेला, कळत नकळत काही चुकलं असल्यास क्षमा असावी. साऱ्या जीवांची क्षमा मागणं फार सोपं असतं, त्यातला एकही जीव समोर उभा नसतो. दुपारी ती आली. मी हात जोडले आणि ज्या बोलण्याबद्दल क्षमा मागत होते ते बोलणंही सांगितलं. नुसतं 'काही चुकलं असल्यास' म्हटलं नाही.

ती संकोचली. म्हणाली, "जान दो अम्मा." मग थोड्या वेळाने, केर काढता काढता, आपणहून म्हणाली, की घरात, आपसांत, ते स्वतःला गोर म्हणतात. आणि आमच्याकडे आल्या दिवशी हाक मारायला सोपं म्हणून मी जे नाव पाडलं होतं, ते तिचं नावच नव्हे. नऊ वर्षं मी तिला तिसऱ्याच नावाने हाका मारत होते. चकतीवरच्या आकड्यासारख्या.

तिने तिचं खरं नाव मला सांगितलं. ते इथे लिहीत नाही, तिला न विचारता ते छापणं बरं नव्हे. पहिले काही दिवस माझ्या तोंडून जुनंच नाव निघायचं आणि ती 'ओ' द्यायची. आता बहुतेक वेळा बरोबर निघतं.